जिन्याखालच्या देवघरात घेतलेलं नाव

आमच्या शेजारच्या घराला आत एकही दार नव्हतं. चौकटी होत्या, बिजागऱ्यांच्या खुणा होत्या, दारं नव्हती. झोपायच्या खोलीला नाही, कपड्यांच्या कपाटांना नाही. बाथरूमला एक जाड पडदा, बस. पहिल्यांदा गेले तेव्हा वाटलं, घराचं काम चालू असेल. शुगर लँडमध्ये कुणाच्या ना कुणाच्या घराचं काम चालूच असतं. मी तसं विचारलं. शेजारीण म्हणाली, काम कसलं, दारं काढून कित्येक वर्षं झाली. तिचा नवरा होता तेव्हा त्यानेच एका सुटीत सगळी उतरवली आणि गॅरेजमध्ये भिंतीला टेकवून ठेवली. का, ते तिने त्या दिवशी सांगितलं नाही. चहात दूध घालू का, एवढंच विचारलं.

परवा फोनवर तुम्ही दोघं विचारत होतात. शाळेत महायुद्धाचा धडा झाला, ज्यू मुलांना लोक कसे लपवून ठेवत ते बाईंनी सांगितलं, तर आजी, अमेरिकेत तुला असं कुणी भेटलंय का? मी म्हटलं, लिहून पाठवते. फोनवर अशा गोष्टी होत नाहीत. मध्येच तुमची आई कुकर बंद करायला उठते, तुमच्यातला एक जण दुसऱ्याला ढकलतो, आणि धागा तुटतो. शिवाय मला क्रमाने सांगायची सवय आहे. अख्खी नोकरी मुलांना इंग्रजी शिकवण्यात गेली. आधीचं आधी आणि नंतरचं नंतर लिहा, हे वाक्य माझ्या फळ्यालासुद्धा पाठ झालं होतं म्हणा ना.

तर आधी माझं, म्हणजे ती आणि मी एकत्र कशा आलो ते कळेल. तुमचा मामा सकाळी निघतो, त्याचं ऑफिस ह्यूस्टनच्या दुसऱ्या टोकाला. मामी त्याच्याही आधी हॉस्पिटलला जाते. मग घरात मी आणि एसीचा आवाज. खिडक्या उघडत नाहीत, उघडल्या तरी उघडायच्या नाहीत. अंगणाचं दार उघडलं की भिंतीवरच्या अलार्ममधली एक बाई इंग्रजीत सांगते की मागचं दार उघडलं आहे. मला ठाऊक असतं, मीच उघडलेलं असतं. बाहेर ऊन आणि दमट हवा अशी की पाऊल टाकताच चष्म्यावर वाफ धरते. गाडी मला येत नाही आणि चालत पोचावं असं इथे काही नाही. मामा बिचारा रोज म्हणतो, "आई, कुठे जायचं असेल तर सांग, वीकएंडला मी ड्राइव्ह करतो ना." त्याला कसं सांगू? मला कुठे जायचं नसतं. मला फक्त जाता यायला हवं असतं.

चालत पोचण्यासारखी एकच जागा म्हणजे शेजारचं घर. ती नव्वदीला टेकलेली, मी तिच्याहून बरीच लहान. तिच्या मुलीने तिच्या गाडीच्या किल्ल्या काढून घेतल्या होत्या. म्हणजे अडकलेल्या दोघी, एकमेकींच्या भिंतीला भिंत लावून. आमचं बोलणं इंग्रजीत चाले, आणि इंग्रजीत तू आणि तुम्ही एकच. इथे मी आम्हा दोघींनाही 'तू' म्हणायला लावते आहे, कारण शेवटी आम्ही तिथवर पोचलो होतो.

ती ज्यू आहे हे कळलं तेव्हा मी मोठ्या उत्साहाने सांगितलं की मला ज्यू लोक चांगले माहीत आहेत. माझे वडील अलिबागला बदलून गेले होते तेव्हा आमच्या मागच्या आळीत त्यांची घरं होती. बायका साड्या नेसायच्या, मंगळसूत्र घालायच्या, मराठीतच भांडायच्या. शनिवारी घाणा बंद, म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. काही शुभ असलं की पोहे, गूळ आणि ओल्या खोबऱ्याचा मलिदा आमच्याकडे यायचा. ती कप हातात धरून ऐकत राहिली. मग तिने विचारलं, "त्यांच्या मागे कुणी लागलं नाही?"

"नाही."

"कधीच?"

"कधीच नाही. माझ्या आईचं त्यांच्या कोंबड्यांवरून भांडण व्हायचं, तेवढंच."

ती इतकी हसली की कप खाली ठेवावा लागला. पुढे कित्येक दिवस ती आल्यागेल्याला सांगायची की जगात एक गाव असं आहे जिथे लोक आमच्याशी कोंबड्यांवरून भांडले, फक्त कोंबड्यांवरून. त्या दिवसापासून मला तिच्या स्वयंपाकघरात स्वतः चहा करायची परवानगी मिळाली.

दारांचं कारण मला तिच्याकडून नाही, तिच्या मुलीकडून कळलं. मुलगी पन्नाशी उलटलेली, इथेच टेक्सासात वाढलेली, दर रविवारी आईकडे यायची. एकदा ड्राइव्हवेमध्ये तिने मला थांबवलं आणि उन्हात उभं राहून सांगितलं. आई बेल्जियमची. युद्धात ती सहासात वर्षांची असताना तिला आणि तिच्या धाकट्या भावाला त्यांच्या आईने एका शिवणकाम करणाऱ्या बाईच्या घरी नेऊन ठेवलं. भिंत आणि कपाट यांच्यामध्ये जी अरुंद जागा होती, तिथे ही दोघं राहिली. भाऊ तीन वर्षांचा. पुढे त्याला खोकला लागला. तिथे खोकून चालणार नव्हतं, म्हणून त्याला दुसऱ्या घरी हलवलं. तिथून तो परत आला नाही. आईवडीलही आले नाहीत. हिला युद्धानंतर एका दूरच्या नातेवाइकाने अमेरिकेत आणलं.

मग मुलगी मुद्द्यावर आली. त्यांच्या प्रार्थनाघराच्या बागेत एक भिंत बांधत होते, युद्धात गेलेल्या मुलांच्या नावांची. शाळेतली मुलं मातीच्या फरशांवर अक्षरं उठवणार होती, एकेका मुलाने एकेका मुलाचं नाव. तिला आईच्या त्या धाकट्या भावाचं नाव तिथे हवं होतं. आणि ते नाव जगात फक्त तिच्या आईला ठाऊक होतं. गावचं दप्तर जळलं होतं, जे नातेवाईक वाचले ते त्याच्या जन्माआधीच देश सोडून गेलेले, आणि तो गेला तो लपण्यासाठी दिलेल्या दुसऱ्याच नावाने. आईला शंभरदा विचारून झालं होतं. ती त्याला 'छोटा' म्हणायची आणि उठून जायची. आता डॉक्टरांनी सांगितलं होतं की तिची आठवण झिरपायला लागली आहे. आज ना उद्या ते नाव तिच्याकडेही राहणार नव्हतं.

"तुमच्याशी ती बोलते," मुलगी म्हणाली. "तुम्ही विचारून बघाल का?"

मी हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. घरी येऊन चष्मा पुसत बसले. ज्या घरी मी सुटका म्हणून जात होते, तिथे आता मी काहीतरी काढून घ्यायला जाणार होते. तिच्या मनात नाही आणि मुलीला हवं आहे. दोघींची बाजू मला कळत होती, आणि दोन्ही बाजू कळणं ही काही फार सुखाची गोष्ट नाही. मी ठरवलं, विचारायचं नाही. पण ठरवलं म्हणून प्रश्न गेला थोडाच. तिच्या टेबलाशी लसूण सोलत बसले की तो माझ्या शेजारी येऊन बसायचा.

जानेवारीत मामीने हळदीकुंकू केलं. तुम्हाला ते फोटो पाठवले होते. दिवाणखान्यात इतक्या गाड्यांच्या किल्ल्या आणि इतक्या पैठण्या मी एकत्र कधी पाहिल्या नव्हत्या. मामीने शेजारणीलाही बोलावलं. तिला खुर्चीवर बसवलं, कुंकू लावलं, तिळगूळ दिला. वाण म्हणून प्लॅस्टिकचा डबा दिला तो तिने तिथल्या तिथे उघडून झाकणाला रबर आहे का ते पाहिलं. मग नावं घेणं सुरू झालं. "नाव घे, नाव घे" म्हणून सगळ्या ओरडत होत्या. एका मुलीने, चिप डिझाइन करते म्हणे, उभी राहून सुरू केलं, "डिशवॉशरमध्ये भांडी, ड्रायरमध्ये कपडे," मग नवऱ्याचं नाव, "याच्याशी माझे रोज नवे झगडे." हशा उसळला.

शेजारणीने विचारलं हे काय चाललंय. मी सांगितलं की आमच्याकडे जुन्या बायका नवऱ्याचं नाव तोंडाने घेत नसत. माझी आई कधीच घ्यायची नाही, मीही नाही. मी इंग्रजी शिकवत होते तरी घरात 'अहो' आणि बाहेर 'मिस्टर'. व्हिसाच्या खिडकीवरच्या साहेबाने नवऱ्याचं नाव विचारलं तेव्हा मी त्याच्याकडून कागद मागून घेतला होता. फक्त अशा समारंभात, चारजणींनी आग्रह केला की, दोन ओळींत गुंफून ते घ्यायचं. तिने विचारलं, आणि आग्रह केला नाही तर? तर नाही घ्यायचं, मी म्हटलं. ती सगळ्यांकडे नीट बघत होती. कार्यक्रम संपल्यावर म्हणाली, "इतक्या नवऱ्यांची नावं ऐकली, एकही खुर्च्या उचलायला आला नाही." पण त्या दिवसात 'नाव घे' हे दोन शब्द मात्र तिने पक्के केले. नंतर मी तिच्याकडे गेले की दारातच म्हणायची, "नाव घे." म्हणजे ये.

मला त्या दिवशी कुणी नाव घ्यायला सांगितलं नाही. सांगतही नाहीत. तुमचे आजोबा गेल्यापासून मी असल्या ठिकाणी पोह्यांच्या बाजूला असते.

एप्रिल संपत आला होता तेव्हाची गोष्ट. दुपार होती. ती आमच्याकडे मटार सोलायला आली होती. आभाळ हिरवट पडलं, पाऊस आडवा येऊ लागला आणि एकाएकी दोघींचे फोन किंचाळायला लागले. टोर्नेडो, म्हणजे भोवऱ्यासारखं चक्रीवादळ, जमिनीला टेकलं आहे, घरातल्या आतल्या, खिडकी नसलेल्या जागेत जा. लगोलग मामाचा फोन. "आई, जिन्याखाली जा. आत्ता. त्यांनाही घेऊन जा."

आमच्या घरात तशी एकच जागा आहे. जिन्याखाली कोट आणि व्हॅक्यूम ठेवायची क्लोझेट होती, तिचं मामाने देवघर केलं आहे. नागपूरहून आणलेला लाकडी देव्हारा, समोर एक पाट, आणि वर उतरता जिना, त्यामुळे नमस्कार करून उठताना डोकं आपटतं. पहिल्या दिवशी धूप लावला तर सगळ्या घरातले धुराचे अलार्म ओरडले होते. तेव्हापासून विजेचं निरांजन.

मी तिला उठवायला गेले तर ती हलेना. "तू जा. मी इथेच बसते."

मी म्हटलं, भिंती उडतील. ती म्हणाली, उडू देत. तिने तोपर्यंत ते दार पाहिलं होतं, त्याच्या पलीकडचा अंधार पाहिला होता, आणि टेबलाची कड दोन्ही हातांनी धरली होती. आता मला कळत होतं की मी तिला काय सांगते आहे. नव्वदीच्या बाईला मी पुन्हा भिंतीत जायला सांगत होते. आणि तिला तिथे टाकून मला एकटीला जाता येत नव्हतं. मी खुर्ची ओढली आणि बसले.

"मूर्ख आहेस," ती म्हणाली.

"असेन."

मटार वाटीत तसेच. बाहेर कुणाच्या तरी अंगणातली खुर्ची आली आणि आमच्या कुंपणावर फुटली. मागची मोठी काच फुगल्यासारखी दिसली. तेव्हा ती उठली. माझा हात धरून म्हणाली, "चल. पण दार मी लावणार. आतून." आतून कडी नव्हती. तिने दाराची मूठ मुठीत धरली आणि शेवटपर्यंत सोडली नाही.

आत गेल्यावर ती वेगळीच बाई झाली. बाहेर ती काठी घेऊन चालते, उठबस करताना कण्हते. आत तिने आवाज न करता बूट काढले, ते बाजूला नीट ठेवले, पाठ भिंतीला लावून गुडघे छातीशी घेतले आणि एवढीशी झाली. माझ्यासाठी जागा किती उरते ते हाताने चाचपून तिने मला बसवलं. मग निरांजनाच्या उजेडात तिने देव पाहिले. अन्नपूर्णा, बाळकृष्ण, टाक.

"यांनाही लपवून ठेवलंय तुम्ही," ती कुजबुजली.

"लपवलेले नाहीत. घरात दुसरी जागा नव्हती."

"सगळे तसंच सांगतात."

वारा घरावरून मालगाडीसारखा जायला लागला. मला भीती वाटली आणि लहानपणापासूनची सवय म्हणून मी मोठ्याने स्तोत्र म्हणायला लागले. दुसरी ओळ पुरी व्हायच्या आत तिचा तळहात माझ्या तोंडावर होता. घट्ट. दुसऱ्या कुणाच्या तोंडावर असा हात ठेवायची तिला सवय होती, बोटं कुठे आणि अंगठा कुठे, नाक कसं मोकळं ठेवायचं. मी गप्प झाले. त्याच वेळी वीज गेली आणि निरांजन विझलं.

अंधारात तिने हात काढला आणि मी न विचारताच ती बोलायला लागली. इतक्या हळू की मला कान तिच्या तोंडाशी न्यावा लागला. आई त्यांना सोडून गेली तेव्हा दोघांनाही नवी नावं देऊन गेली होती. हिला म्हणाली, तू मोठी आहेस, त्याला त्याचं जुनं नाव विसरायला लाव. कुणी हाक मारली आणि त्याने वळून पाहिलं तर आपण सगळे संपलो. ते नाव तू तोंडातून काढायचं नाही. कानातसुद्धा सांगायचं नाही. मी परत आले की मी सांगेन, मग म्हण.

"आणि मी ते केलं," ती म्हणाली. "तो झोपेत आपलं नाव म्हणायचा. मी हात ठेवायचे. हळूहळू तो विसरला. त्याला न्यायला आले तेव्हा मी त्याला नव्या नावानेच निरोप दिला. त्याला दुसरं येतच नव्हतं."



"आई परत आली नाही," ती म्हणाली. "म्हणजे मला अजून कुणी सांगितलेलं नाही."

एवढंच होतं ते. भिंत, मुलगी, डॉक्टर, कुणाचाच त्याच्याशी संबंध नव्हता. एका सहा वर्षांच्या मुलीला आईने थांब म्हटलं होतं आणि ती थांबली होती. नवरा झाला, मुलगी झाली, घरातली सगळी दारं काढून टाकली, पण ते एक तसंच राहिलं. माझ्याजवळ तिला द्यायला काहीही नव्हतं. मी तिची आई नव्हते.

वर काहीतरी करकरलं. तिने माझा हात शोधला. मग एकदम विचारलं, "तुझ्या नवऱ्याचं नाव काय? त्या दिवशी सगळ्यांनी घेतलं. तू नाही घेतलंस."

मी म्हटलं, मला कुणी विचारलं नाही. नवरा गेलेल्या बाईला विचारत नाहीत. ती म्हणाली, मग मी विचारते.

लग्नात मावशीने पाठ करून घेतलेला उखाणा मला शब्दन्‌शब्द आठवला, याचं नवल वाटलं. गुडघ्यात मान घालून, देवांच्या पुढ्यात, अंधारात मी म्हटलं: "गच्चीवर वाळवले गहू, राखण केली उन्हात," आणि मग तुमच्या आजोबांचं नाव, "रावांचं नाव घेते, ठेवलंय ते मनात." ते गेल्यावर मी त्यांचं नाव पहिल्यांदा उच्चारलं. पाहायला गेलं तर ते जिवंत असतानाही असं किती वेळा उच्चारलं होतं! तिला मी अर्थ सांगितला. गहू म्हणजे काय, गच्चीवर का वाळवतात, तेही सांगावं लागलं. ती ते नाव आपल्या उच्चाराने हळूच म्हणून बघत राहिली, चुकत, पुन्हा म्हणत.

"बघ," ती म्हणाली. "कुणी विचारलं तर घ्यायचं."

"हो."

मग ती म्हणाली, "तर तू मला विचार."

मला त्या क्षणी इंग्रजीत काही सुचलं नाही. मी मराठीतच म्हटलं, "नाव घे."

तिने दाराची मूठ सोडली नाही. दुसऱ्या हाताने माझ्या पायाचा अंगठा धरला, मग एकेक बोट. तिच्या घरच्या भाषेतलं एक बडबडगीत होतं; त्यांची आई धाकट्याचे पाय पुसताना म्हणायची, बोटागणिक एक शब्द. करंगळीशी आली तेव्हा ती थांबली. तिचा श्वास माझ्या गालाला लागत होता. मग तिने नाव घेतलं. छोटं नाव होतं, दोन अक्षरांचं. पुन्हा अंगठ्यापासून सुरू केलं आणि पुन्हा घेतलं.

वादळ आमच्यावरून गेलं नाही, बाजूने गेलं. आमचं कुंपण आडवं झालं आणि तिच्या अंगणातलं पेकनचं झाड गाडीवर पडलं, त्या गाडीवर जिच्या किल्ल्या तिच्याकडे नव्हत्या. मामा धावत घरात आला तेव्हा आम्ही मटार सोलत होतो.

आता माझी पंचाईत झाली. नाव माझ्याकडे होतं. ती म्हणाली नव्हती की सांग, म्हणाली नव्हती की सांगू नकोस. रविवारी मुलगी आली, झाड बघून घाबरलेली, आणि तिने माझ्याकडे नुसतं पाहिलं. मी नजर दुसरीकडे वळवली. मला ते नाव माझ्या तोंडून द्यायचं नव्हतं. माझ्यापासून सुरू होण्यासारखं ते नव्हतंच. मी मुलीला म्हटलं, तिला आमच्या देवघरात घेऊन ये, आणि दोन शब्द शिकून ठेव.

तिघी कशाबशा आत मावलो. मुलीचे गुडघे देव्हाऱ्याला लागत होते आणि ती सारखी सॉरी म्हणत होती, मला का देवांना कुणास ठाऊक. शेजारणीने दार लावून मूठ धरली. मुलगी आईच्या त्या बसण्याकडे बघत राहिली. आईला तिने अशी कधी पाहिली नव्हती. मी खूण केली. टेक्सासच्या हेलात, शब्द अडखळत, मुलगी म्हणाली, "नाव घे."

म्हातारी तिच्याकडे इतका वेळ बघत राहिली की मला वाटलं आता उठून जाईल. मग तिने मुलीचा बूट काढला, मोजा काढला आणि अंगठा धरला.

उन्हाळा सरता सरता भिंत पुरी झाली. मामाने मला नेलं. मातीच्या फरशा, कुणाचं अक्षर तिरकं, कुणाचं खोल. धाकट्याचं नाव एका शाळकरी मुलीने उठवलं होतं. ती आपल्या फरशीशी उभी राहून आल्यागेल्याला अभिमानाने दाखवत होती. शेजारणीने ते वाचलं. मग मागे वळून रस्त्याकडे पाहिलं. गाड्या जात होत्या. ती सरकत सरकत फरशीच्या पुढे येऊन उभी राहिली, रस्त्याकडे तोंड करून, आणि कार्यक्रम संपेपर्यंत तिथून हलली नाही. लोकांना वाटलं फोटोसाठी उभी आहे. त्यांनी फोटो काढले.

हिवाळ्यात मुलीने तिला स्मृती गेलेल्या लोकांच्या एका घरी ठेवलं. दुसरा इलाज नव्हता. दोनदा ती रस्त्यावर सापडली होती. चांगली जागा आहे, स्वच्छ, फुलं असतात. पण बाहेरच्या दाराला आकड्यांचं कुलूप आहे. आत जायला बटण, बाहेर यायला आकडे, आणि ते तिथल्या लोकांना विचारावे लागतात. मुलीने तिच्या खोलीचं दार काढायची परवानगी मागितली. नियमात बसत नाही म्हणाले. दिवसा उघडं ठेवतात.

मामा नेतो तेव्हा मी जाते. मी कोण ते तिला बहुतेक कळत नाही. कोंबड्यांची गोष्ट सांगितली तर सभ्यपणे हसते. मागच्या शनिवारी ती पलंगावर पाय वर घेऊन, भिंतीला पाठ लावून बसली होती. मी जवळ बसले आणि सवयीने म्हटलं, "नाव घे." तिने लगेच माझा हात घेतला आणि एकेका बोटागणिक गीत म्हणायला लागली. शब्द सगळे बरोबर. करंगळीशी येऊन थांबली. माझ्याकडे बघत राहिली. तिथे काय येतं ते तिला ठाऊक नव्हतं, पण काहीतरी येतं हे ठाऊक होतं.

मी नाव घेतलं.

तिने झटकन उघड्या दाराकडे पाहिलं. मग बोट ओठांवर ठेवून म्हणाली, "हळू."

मी पुन्हा घेतलं, हळू. मग निघाले, आणि आकडे सांगायला कुणी येईपर्यंत बाहेरच्या दाराशी उभी राहिले.